कुणाच्याच वाट्याला न आलेली जागा

सिएना शहराने १२९७ साली एक नियम केला. शहराच्या मधल्या मैदानाकडे, म्हणजे पियाझ्झा देल कांपोकडे, तोंड करून जो कुणी घर बांधेल, त्याने खिडक्यांना मधोमध बारीक खांब ठेवावेत आणि पुढे सज्जा काढू नये. घर तुमचं, जमीन तुमची, पैसाही तुमचा. पण मैदानाकडची भिंत कशी दिसेल ते शहर ठरवणार. त्या वेळी या मैदानाची फरसबंदीसुद्धा झालेली नव्हती. जागा घडण्याआधीच तिच्या कडा सांभाळण्याचा कायदा झाला होता.

‘मोकळी जागा’ या विषयावर लिहा असं संपादकांनी कळवलं, तेव्हा मला पहिल्यांदा या नियमाची आठवण झाली. मोकळी जागा म्हणजे बांधकाम करून उरलेली जागा, अशी आपली सर्वसाधारण समजूत असते. इटलीतल्या शहरांचे चौक पाहत फिरताना ही समजूत पार पुसली जाते. तिथली मोकळी जागा पैसे खर्चून, घरं पाडून, भांडून, दंड करून मोकळी केलेली आहे आणि आजही रोज मोकळी ठेवावी लागते. फ्लॉरेन्समधल्या पियाझ्झा देल्ला सिन्योरियाचा वाकडातिकडा आकार पाहा. राजकारणात हरलेल्या उबेर्ती घराण्याची घरं जमीनदोस्त करून ती जागा चौकात घेतली, म्हणून चौकाला असा कोपरा आला. पराभूतांना पुन्हा तिथे घर उभारता येऊ नये, हाही हेतू त्यात होता. चौक म्हटला की गोड गोड चित्र रंगवायचा मोह होतो. त्या मोहाला आवर घालूनच हा लेख लिहिला आहे.

वीट, उतार आणि पाणी

सिएना तीन टेकड्यांवर वसलेलं गाव आहे. या टेकड्यांच्या सोंडा जिथे एकत्र येतात, त्या खळग्यात कांपो आहे. सपाट नाही. सुपासारखा एका बाजूला उतरत गेलेला, आणि सुपाच्या खालच्या काठाशी नगरसभेचा राजवाडा, पालाझ्झो पुब्लिको. अरुंद गल्लीतून चालत येताना भिंतींच्या सावलीत डोळे अंधाराला सरावलेले असतात. एका कमानीखालून चार पायऱ्या उतरलं की एकदम ऊन, आभाळ आणि तांबूस विटांचा मोठा उतार समोर येतो. विटा आडव्या-तिरक्या, एकमेकींत गुंतवून उभ्या बसवलेल्या. त्यांच्यामधून पांढऱ्या दगडाच्या पट्ट्या खालच्या दिशेला गोळा होत जातात आणि मैदानाचे नऊ भाग करतात.

हे नऊ कोण, ते सिएनातलं शाळकरी पोरही सांगेल. १२८७ ते १३५५ या काळात शहराचा कारभार नऊ जणांच्या मंडळाकडे होता. हे नऊ जण व्यापारी आणि सावकारी पेशाचे. जुन्या सरदार घराण्यांना या मंडळात मज्जाव होता. नऊ जण ठरावीक मुदतीनंतर बदलायचे आणि मुदत होती अवघी दोन महिन्यांची. त्या दोन महिन्यांत त्यांनी राजवाड्यातच राहायचं, घरी जायचं नाही. इतक्या अल्पमुदतीच्या माणसांनी सत्तर वर्षं एकच काम नेटाने पुढे रेटलं, त्याचं फळ म्हणजे हे मैदान. विटांचं काम १३४९ साली पुरं झालं. त्याच्या आदल्याच वर्षी प्लेगने सिएनाची अर्धीअधिक वस्ती कापून काढली होती. कॅथेड्रल वाढवून प्रचंड करण्याचा बेत प्लेगनंतर सोडून द्यावा लागला आणि त्याची एक अर्धवट भिंत अजून आभाळात उभी आहे. मैदान मात्र पुरं झालं. हाती पैसा आणि माणसं कमी असताना आधी काय करायचं, हे त्या शहराने आपल्या परीने ठरवलं होतं.

उताराच्या अगदी तळाशी, राजवाड्यासमोर, दगडात घडवलेलं एक मोठं मोरीचं तोंड आहे. गाविनोने म्हणतात त्याला. पाऊस आला की सगळ्या मैदानाचं पाणी पांढऱ्या पट्ट्यांच्या कडेने धावत तिथे येतं आणि गडप होतं. पर्यटक त्याच्यावरून चालून जातात, बहुतेकांचं लक्षही जात नाही. मला मात्र या मैदानातला सगळ्यांत देखणा भाग तोच वाटला. सातशे वर्षांपूर्वीच्या गवंड्याने डोळ्यांनी पाहून, दोरी धरून काढलेला उतार आजही पाण्याचा थेंब साचू देत नाही.

वरच्या काठाला आहे फोन्ते गाया, म्हणजे आनंदाचं कारंजं. सिएनाला नदी नाही. पाण्यासाठी या लोकांनी शहराखाली खडक कोरून सुमारे २५ किलोमीटरचे बोगदे काढले, त्यांना बोत्तिनी म्हणतात. बाहेरच्या टेकड्यांमधले झरे आणि दगडांतून झिरपणारं पाणी या बोगद्यांतून अगदी मंद उताराने शहरात येतं. मैदानात पाणी पोचलं तेव्हा गावाने उत्सव केला, त्यावरून कारंज्याला हे नाव मिळालं. याकोपो देल्ला क्वेर्चाने त्याची शिल्पं १४१९ साली पुरी केली. आज तिथे आहेत त्या एकोणिसाव्या शतकातल्या प्रतिकृती. झिजलेली मूळ शिल्पं संग्रहालयात ठेवली आहेत. कारंज्यावरच्या दगडी लांडग्यांच्या तोंडातून पाणी पडतं आणि त्या लांडग्यांच्या डोक्यावर बसून कबुतरं वाकून पाणी पितात.

भिंतीवरचं शहर

राजवाड्यात वरच्या मजल्यावर ते नऊ जण ज्या दालनात बसत, त्या दालनाच्या तीन भिंती आंब्रोजो लोरेन्झेत्तीने १३३८–३९ मध्ये रंगवल्या. विषय दोन: चांगला कारभार असला की शहराचं काय होतं आणि वाईट असला की काय. चांगल्या कारभाराच्या शहरात मधल्या मोकळ्या जागेत काही जणं हातात हात गुंफून नाचताहेत. शेजारी चपला शिवणाऱ्याचं दुकान उघडं आहे. एक गुरुजी बाकावरच्या मुलांना शिकवताहेत. वर छपरावर गवंडी काम करताहेत. शेतकरी गाढवावर माल लादून वेशीतून आत येतोय. देवदूत नाहीत, चमत्कार नाहीत. बाजाराच्या दिवशी दिसेल ते सगळं आहे.

समोरच्या भिंतीवर वाईट कारभार. हा भाग ओल लागून बराच उडालाय, पण उरलाय तेवढा पुरेसा आहे. घरांच्या भिंती फुटलेल्या. एका बाईला शिपाई ओढून नेताहेत. सगळी दुकानं बंद, एकच चालू: हत्यारं बनवणाऱ्याचं. चौकात कुणी नाचत नाही.

कारभाऱ्यांनी मान वर केली की हे दोन्ही चौक दिसायचे; खरा चौक राजवाड्यासमोर होता. हे चित्र लावण्याची कल्पना मला आजच्या कुठल्याही महापालिकेच्या सभागृहासाठी योग्य वाटते.

कांपोवरचा एक प्रसंग दान्तेनेही आपल्या महाकाव्यात घेतला आहे. ‘पुर्गातोरियो’च्या अकराव्या सर्गात गर्विष्ठ माणसं पाठीवर दगडांचं ओझं घेऊन वाकून चालत असतात. त्यांत प्रोव्हेन्झान साल्व्हानी आहे, सिएनाचा एके काळचा सर्वेसर्वा. अशा उद्दाम माणसाला शुद्धीच्या डोंगरावर इतक्या लवकर जागा कशी मिळाली, असा दान्तेला प्रश्न पडतो. उत्तर मिळतं ते असं: त्याचा एक मित्र आंजूच्या चार्ल्सच्या कैदेत पडला होता आणि त्याला सोडवायला मोठी खंडणी हवी होती. तेव्हा साल्व्हानी आपला सगळा मान गुंडाळून ठेवून कांपोवर उभा राहिला आणि येणाऱ्या-जाणाऱ्यापुढे हात पसरला. लाजेने त्याच्या अंगाला कापरं भरलं होतं, तरी तो तिथून हलला नाही. त्या एका कृत्याने त्याची बाहेर वाट पाहण्याची शिक्षा टळली. हे तो घरोघर जाऊन करू शकला असता. चौकात उभा राहिला म्हणून त्या कृत्याची किंमत झाली, कारण तिथे सगळं गाव पाहत होतं.

दीड मिनिटाची शर्यत

२ जुलै आणि १६ ऑगस्ट हे सिएनाचे दोन दिवस. पालियो या घोडेशर्यतीचे. त्याच्या आधी काही दिवस मातीच्या गाड्या येतात आणि मैदानाच्या कडेच्या दगडी वाटेवर पिवळसर माती अंथरतात, पाणी मारून दाबतात. ‘चौकात माती पडली’ असं गावात कुणी म्हणालं की दुसरं काही सांगावं लागत नाही. म्हातारी माणसं संध्याकाळी मुद्दाम येऊन वाकून ती माती चिमटीत घेऊन पाहतात. लहान मुलांना आणून त्यांचे पाय तिला लावतात.

सिएनात सतरा कोंत्रादा आहेत. मोहल्ले म्हणू, पण त्याहून खूप जास्त. हंस, कासव, लांडगी, घुबड, गोगलगाय, जिराफ, सुरवंट अशी त्यांची नावं. प्रत्येकीचं स्वतःचं देऊळ, संग्रहालय, झेंडा आणि छोटं कारंजं. मूल जन्मलं की चर्चमधल्या बाप्तिस्म्याखेरीज या कारंज्यावर त्याचा दुसरा बाप्तिस्मा होतो. त्यांच्या हद्दी १७२९ साली सिएनाच्या राज्यपाल व्हिओलान्ते बेआत्रिचे या राजकन्येने आखून दिल्या; गल्लीतल्या कुठल्या घराची कुठली बाजू कुणाची, इथवर. सगळं शहर असं वाटून झालं, पण कांपो कुणाच्याच वाट्याला दिलं नाही. ते सतराही जणींच्या हद्दीबाहेर आहे. म्हणूनच तिथे सतरा जणी येऊन भांडू शकतात आणि भांडून झालं की परत आपल्या गल्लीत जाऊ शकतात.

शर्यतीत दहाच धावतात, कारण त्या वळणावळणाच्या उतरत्या वाटेवर सतरा घोडे मावत नाहीत. घोडा चिठ्ठी टाकून मिळतो. चांगला मिळेल की मरतुकडा, ते नशिबावर. स्वार मात्र पैसे देऊन आणलेला असतो आणि तो बहुधा बाहेरगावचा. घोड्यावर खोगीर नसतं. शर्यतीआधी घोडा आपल्या कोंत्रादाच्या देवळात आणतात आणि पुजारी त्याला आशीर्वाद देऊन म्हणतो, जा आणि जिंकून ये. तीन फेऱ्या, साधारण दीड मिनिट. स्वार पडला तरी एकटा घोडा पहिला आला की कोंत्रादा जिंकली. सान मार्तीनोचं वळण उतारावर एकदम आत वळतं; तिथे भिंतीला गाद्या लावतात. घोडे पडून जखमी होतात, काही मेलेही आहेत, आणि या शर्यतीवर इटलीत प्राणिप्रेमींचा आक्षेप आहे. तो मला रास्त वाटतो. सिएनाच्या माणसाशी यावर बोलायला गेलं की तो अगदी शांतपणे घोड्यांच्या तपासण्या, पशुवैद्य, निवृत्त घोड्यांची सोय यांची यादी सांगतो आणि विषय तिथेच थांबवतो.

पैशांचं गणित मात्र लक्षात ठेवण्याजोगं आहे. कडेच्या घरांच्या खिडक्या आणि लाकडी बाकं मोठ्या किमतीला जातात. मैदानाच्या मधोमध, घोडे ज्याच्याभोवती फिरतात त्या विटांवर, उभं राहायला तिकीट नाही. सगळ्यांत आतली जागा फुकट.

व्हेनिसचं पाणी

व्हेनिसमध्ये पियाझ्झा एकच, सान मार्को. बाकीचे सगळे कांपो, कारण कधीकाळी ती गवताची मैदानं होती. प्रत्येक कांपोच्या मध्यावर दगडी कठड्याची विहीर दिसते, आणि समुद्राच्या खाऱ्या पाण्यातल्या शहरात विहीर कशी, हा प्रश्न पडायला हवा. ती विहीर नाहीच. पूर्ण कांपो खोदून खाली चिकणमातीचं मोठं भांडं तयार केलेलं असतं. त्यात वाळू भरलेली, मधोमध विटांचा उभा नळ. वरच्या फरसबंदीला हलका उतार देऊन पावसाचं पाणी भोवतीच्या छिद्रांच्या दगडांपर्यंत आणलं जातं. ते वाळूतून गाळून मधल्या नळात उतरतं. म्हणजे आपण ज्याच्यावर उभे असतो, तो चौक म्हणजे शेजारच्या वस्तीची पाण्याची टाकीच. १८८४ साली मुख्य भूमीवरून नळाने पाणी आलं आणि या विहिरींवर लोखंडी झाकणं बसली. आज मुलं त्या झाकणावर बसून आइस्क्रीम खातात.

सान बार्तोलोमेओच्या कांपोत एका औषधाच्या दुकानाच्या काचेत आकड्यांची पाटी लावलेली आहे. जुन्या व्हेनिसमध्ये आज किती रहिवासी उरले, तो आकडा. १९५१ साली तिथे पावणेदोन लाखांच्या आसपास लोक राहत होते. २०२२ मध्ये हा आकडा ५० हजारांच्या खाली गेला. घरं पाहुण्यांना भाड्याने जातात, घरमालक मुख्य भूमीवर राहायला जातो, किराणा दुकानाच्या जागी मुखवट्यांचं दुकान येतं. चौक तोच, दगड तेच, गर्दी तर विचारूच नका. पण ज्यांच्यासाठी ते पाणी गाळलं जायचं, ती वस्ती निघून चालली आहे. औषधाच्या पुड्या घ्यायला आलेली म्हातारी बाई पाटीकडे बघत होती. मी विचारलं तेव्हा म्हणाली की ती रोज बघते. त्याहून जास्त काही बोलली नाही.

सगळ्यांच्या देखत

सिसिलीच्या लेओनार्दो शाशाच्या १९६१ सालच्या ‘इल जोर्नो देल्ला चिवेत्ता’ या कादंबरीची सुरुवात चौकात होते. पहाट आहे, पालेर्मोला जाणारी बस सुटायच्या बेतात आहे. गडद कपड्यांतला एक माणूस धावत येऊन पायरीवर पाय ठेवतो आणि दोन गोळ्या येतात. कॅराबिनिएरी पोलीस येताच बसमधले उतारू एकेक करून पसार होतात. ड्रायव्हरला कुणाचे चेहरे आठवत नाहीत. चण्याच्या पिठाच्या वड्या विकणारा शेजारीच उभा होता. त्याला शोधून आणून विचारतात, तर तो गोळ्या झाडल्या गेल्याचंच आश्चर्य व्यक्त करतो.

चौकाचं कौतुक करणाऱ्या प्रत्येकाने हे पहिलं प्रकरण वाचलं पाहिजे. शाशाने दाखवलं ते असं की सगळं गाव एका जागी असूनही गावाने एकमेकांना साथ देण्याऐवजी एकमेकांची भीती बाळगली, तर तोच चौक गुन्ह्याला आडोसा देतो. माफिया हा शब्द इटलीच्या संसदेतही दबक्या आवाजात उच्चारला जाण्याच्या काळात एका शाळामास्तराने हे लिहिलं.

उत्तरेत, ब्रेशा शहरात, २८ मे १९७४ रोजी पियाझ्झा देल्ला लोज्जामध्ये कामगार संघटना आणि फॅसिस्टविरोधी समितीची सभा चालू होती. सकाळी १० वाजून १२ मिनिटांनी कमानींखालच्या कचऱ्याच्या डब्यात ठेवलेला बॉम्ब फुटला. आठ माणसं मेली, त्यांतली पाच शिक्षक होती. शंभराहून अधिक जखमी झाले. काही तासांतच अग्निशामक दलाच्या पाण्याने चौक धुऊन काढण्यात आला आणि त्याबरोबर पुरावाही वाहून गेला. खटल्यांमागून खटले झाले. नवफॅसिस्ट गटातल्या दोघांच्या जन्मठेपेवर २०१७ साली शिक्कामोर्तब झालं. त्रेचाळीस वर्षं. स्फोटाने टवका गेलेला खांब तसाच ठेवला आहे आणि त्याच्याजवळ कार्लो स्कार्पा या वास्तुकाराने केलेली स्मृतिशिळा आहे. दर २८ मे रोजी शाळांची मुलं तिथे येतात. दहा वाजून बारा मिनिटांनी सगळे गप्प उभे राहतात.

बॉम्ब चौकात ठेवला गेला, कारण चौकात यायचं लोकांनी बंद करावं हाच त्यामागचा उद्देश होता. ते बंद झालं नाही. १३ फेब्रुवारी २०११ रोजी देशभरातल्या बायका चौकांत उतरल्या, स्त्रीला शोभेची वस्तू समजणाऱ्या तेव्हाच्या पंतप्रधानांच्या विरोधात. १४ नोव्हेंबर २०१९ रोजी बोलोन्यात चार मित्रांनी लोकांना पियाझ्झा माज्जोरेत बोलावलं. त्या संध्याकाळी गावातल्या पालादोझ्झा या बंदिस्त क्रीडागृहात उजव्या आघाडीची सभा होती आणि तिथे ५,५७० माणसं मावतात, म्हणून या चौघांनी ६,००० माणसांचं आवाहन केलं. डब्यातल्या सार्डिन माशांसारखे दाटीवाटीने उभे राहू, झेंडे आणू नका, एवढंच सांगणं होतं. आले त्याच्या दुपटीने. त्या चौकाच्या एका भिंतीवर, नगरभवनाच्या पायथ्याशी, जुन्या काळची मापं कोरलेली आहेत: हात किती लांब, वीट केवढी, कौल केवढं. बाजारात फसवणूक झाली अशी शंका आली की माल घेऊन इथे यायचं आणि सगळ्यांसमोर मोजायचं.

नव्याण्णव चौकांचं गाव

आब्रुझ्झो प्रांतातल्या लाक्विलाची दंतकथा अशी की डोंगरातल्या नव्याण्णव गढ्यांच्या लोकांनी एकत्र येऊन हे शहर वसवलं, आणि प्रत्येक गढीने शहरात आपला एक चौक, एक चर्च आणि एक कारंजं बांधलं. नव्याण्णव हा आकडा दंतकथेतला, पण मूळ गोष्ट खरी आहे: आसपासच्या गावांतल्या लोकांनी शहरात आपापले मोहल्ले वसवले आणि आपल्या गावाचा चौक सोबत आणला. त्या आठवणीचं कारंजं अजून आहे, दगडी मुखवट्यांच्या तोंडांतून पाणी सोडणारं.

६ एप्रिल २००९ रोजी पहाटे ३ वाजून ३२ मिनिटांनी भूकंप झाला. ३०९ माणसं गेली. जुन्या शहराला कुंपण घालून लष्कर बसवलं. सरकारने काही महिन्यांत शहराच्या भोवताली १९ ठिकाणी १८५ इमारती उभ्या केल्या, सुमारे साडेचार हजार घरं. भूकंपाचा धक्का सोसणाऱ्या पायांवर, उबदार, फर्निचरसकट. घाईचं कौतुक करायलाच हवं. तंबूत हिवाळा काढणं डोंगरात शक्य नव्हतं. पण त्या १९ वसाहतींच्या आराखड्यांत चौक नव्हता. दुकान लांब, बस क्वचित, एकेका इमारतीपुढे गाड्या उभ्या करायची जागा. म्हातारी माणसं खिडकीत बसू लागली. ज्या शहराचा जन्मच चौकांतून झाला, त्याला घरं मिळाली आणि भेटायची जागा गेली.

२०१० च्या फेब्रुवारीत लाक्विलाचे लोक रविवारी कुदळी, घमेली आणि हातगाड्या घेऊन निघाले आणि लष्कराचं कुंपण ओलांडून जुन्या शहरात शिरले. बंद घरांच्या किल्ल्या त्यांनी जाळ्यांना लटकवल्या. मग माणसांच्या रांगा लावून हातोहात ढिगारा बाहेर काढू लागले. हातगाडीवाले म्हणूनच ते देशभर ओळखले गेले. लक्ष देण्यासारखी गोष्ट अशी, की त्यांनी आपापल्या घरांपासून सुरुवात केली नाही. आधी चौक मोकळा करायला घेतला.

आज जुन्या शहरात पुनर्बांधणी बरीच झाली आहे. दुरुस्त झालेल्या देखण्या वाड्याशेजारी अजून लाकडी टेकू दिलेलं घर असतं. संध्याकाळी विद्यापीठातली मुलं दुकानांपुढे गर्दी करतात. चौकात माझ्याशी बोलणारे एक निवृत्त शिक्षक अजूनही बाहेरच्या वसाहतीतच राहतात. रोज बसने येतात. काम काही नसतं, त्यांनीच सांगितलं.

दुपारी तिथे कोण असतं

इटालियन चौक सर्वांचा, असं म्हणण्याची पद्धत आहे. पूर्वी तो सर्वांचा नव्हता. दक्षिणेतल्या लहान गावांत चौक पुरुषांचा. बायकांनी तो ओलांडायचा, थांबायचं नाही. तुरीनच्या कार्लो लेव्हीला मुसोलिनीच्या सरकारने दक्षिणेतल्या एका खेड्यात हद्दपार करून ठेवलं होतं. त्याच्या ‘ख्रिस्तो सी ए फेर्मातो आ एबोली’ या १९४५ सालच्या पुस्तकात संध्याकाळी चौकात जमणारे गावातले प्रतिष्ठित आणि आपल्या वाटेने जाणारे शेतकरी यांच्यातली दरी पानोपानी दिसते.

आज प्रश्न दुसरा आहे. रोममध्ये स्टेशनजवळच्या पियाझ्झा व्हित्तोरियोत, इटली एक झाल्यानंतर बांधलेल्या त्या प्रचंड कमानींच्या चौकात, दुपारी बाकांवर बांगलादेशी, चिनी, पेरूचे, सोमाली लोक दिसतात. कमानींखाली साड्या आणि फोनची कार्डं विकणारी दुकानं आहेत; जवळच्या बाजारात भेंडी, कारली आणि हिरव्या मिरच्या मिळतात. २००२ साली याच चौकाच्या नावाने अनेक देशांच्या वादकांचा एक वाद्यवृंद सुरू झाला. अल्जीरियात जन्मलेल्या आमारा लाखूसने २००६ मध्ये या चौकालगतच्या एका इमारतीवर कादंबरी लिहिली. तिच्यातला एक निवेदक बांगलादेशी दुकानदार आहे. घरात चार-चार माणसं एका खोलीत राहतात तेव्हा चौक ही त्यांची बैठकीची खोली होते. संध्याकाळी चौकात जमण्याचा जुना इटालियन रिवाज आज या मंडळींनीच जास्त निष्ठेने चालवला आहे, असं माझं मत झालं.

त्याच वेळी बाकं काढून टाकणं, पायऱ्यांवर बसायला बंदी करणं हेही चालू आहे. २०१९ पासून रोमच्या स्पॅनिश पायऱ्यांवर बसलं तर ४०० युरोंपर्यंत दंड होऊ शकतो. हॉटेलांची टेबलं मात्र महापालिकेला जागेचं भाडं भरून पुढे पुढे सरकत येतात. कोविडच्या वर्षी हे भाडं माफ झालं तेव्हा टेबलं चौकभर पसरली, आणि ती मागे घेताना गावोगाव वाद झाले. पैसे न देता बसण्याची जागा अशी हातभर-हातभर कमी होत जाते. मला याची फार चिंता वाटते.

लहान गावांच्या चौकांत एक गोष्ट हमखास असते: युद्धात मेलेल्यांच्या नावांची शिळा. युद्धाचा हा धागा आपल्यापर्यंतही येतो. दुसऱ्या महायुद्धात इटलीत सुमारे ५०,००० भारतीय सैनिक लढले. पावणेसहा हजारांच्या आसपास परत आले नाहीत. त्यांत मराठा पलटणींचे जवान होते. रायगड जिल्ह्यातले नाईक यशवंत घाडगे १० जुलै १९४४ रोजी तायबर नदीच्या वरच्या खोऱ्यात शत्रूच्या ठाण्यावर एकटे चालून गेले आणि तिथेच पडले. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. माणगावला त्यांचा पुतळा आहे. २०२३ च्या जुलैत पेरुज्याजवळच्या मोन्तोने या गावानेही त्यांचं स्मारक उभारलं, सावलीचं घड्याळ. आपल्याकडच्या फार थोड्यांना हे माहीत आहे.

जाणाऱ्यांसाठी

मराठी माणसं आता मोठ्या संख्येने इटलीला जातात. बहुतेक सहलींत सिएनाला दोन तास असतात: बस वेशीबाहेर, झेंडा धरलेला वाटाड्या, फोटो, फ्रिजला लावायचं चुंबक, परत बस. शक्य असेल त्याने एक मुक्काम सिएनातच करावा. कॉफी काउंटरशी उभ्याने घ्यावी. टेबलावर बसलं की त्याच कॉफीचे दाम वाढतात. संध्याकाळी सहानंतर बसगाड्या निघून जातात आणि गावचे लोक बाहेर पडतात, तेव्हा खुशाल कांपोच्या विटांवर बसावं. तिथे बसायला अजून बंदी नाही. पालियोच्या दिवशी गेलात तर मधोमधची फुकट जागा धरा, पण टोपी आणि पाण्याची बाटली बरोबर घ्या: शर्यतीआधी आत यायच्या वाटा बंद होतात, आणि शर्यत संपेपर्यंत बाहेर पडता येत नाही.